न्यायालयाची मर्यादा आणि ठेवीदाराचा हिशेब

पतसंस्थेत अपहार उघडकीस आला की ठेवीदारांची धाव अखेर उच्च न्यायालयाकडे जाते. तिथे न्यायमूर्ती किर्द-खतावणी उघडून कोणी किती खाल्ले हे मोजत बसत नाहीत, आणि लोकांचा हिरमोड होतो. न्यायालयाने आखून घेतलेली ही मर्यादा कशी घडली, हे पाहिले की राग कुठे रोखायचा ते कळते.

1875 मध्ये पुणे-नगर भागातल्या शेतकऱ्यांनी सावकारांची कर्जखते जाळली. त्या कर्जबाजारीपणावर उतारा म्हणून 1904 चा सहकारी पतसंस्थांचा कायदा आला. सभासदाला दिवाणी कोर्टाच्या पायऱ्या झिजवाव्या लागू नयेत, घरचा वाद घरात मिटावा, अशी सहकाराची धारणा होती. 1925 च्या मुंबई कायद्याने असे वाद निबंधकाकडे किंवा लवादाकडे सोपवले. महाराष्ट्राच्या 1960 च्या कायद्याने तीच वाट पक्की केली आणि कलम 163 ने दिवाणी न्यायालयांना या क्षेत्रात मज्जाव केला.

मधल्या काळात राज्यघटना आली होती. अनुच्छेद 226 आणि 227 खालचा उच्च न्यायालयाचा अधिकार असा कोणताही कायदा काढून घेऊ शकत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 1997 च्या एल. चंद्रकुमार निकालाने तो घटनेच्या मूलभूत चौकटीचा भाग ठरवला. प्रश्न होता तो वापरायचा कुठवर. 1963 मध्ये सय्यद याकूब खटल्यात, मद्रास राज्यातल्या एका बस परवान्याच्या वादात, त्याच न्यायालयाचे न्या. गजेंद्रगडकर यांनी रेघ ओढली: उघड दिसणारी कायद्याची चूक दुरुस्त करता येईल, पुरावा पुरेसा होता की नाही, हे अनुच्छेद 226 खालच्या रिट याचिकेत तपासता येणार नाही. निष्कर्षाला मुळी पुरावाच नसेल, तर मात्र ती कायद्याचीच चूक.

ही रेघ अपहाराच्या प्रकरणाला लावून पाहा. समजा, एका ठेवीदाराच्या पासबुकात 40,000 रुपये जमा दिसतात आणि त्याच तारखेच्या किर्दीत 4,000. पैसे रोखपालाने ठेवून घेतले, सचिवाच्या संगनमताने गेले, की संचालकांनी डोळेझाक केली? याचे उत्तर व्हाउचर, सह्या आणि साक्षी समोर ठेवूनच मिळते. ते काम 1960 च्या कायद्यातल्या कलम 81 खाली लेखापरीक्षकाचे, 83 खाली चौकशी अधिकाऱ्याचे. कलम 88 खाली जबाबदारी निश्चित करून रक्कम व्याजासह वसूल करण्याचा आदेश देता येतो; पण त्याआधी संबंधिताला बाजू मांडण्याची वाजवी संधी द्यावीच लागते.

आणि घोडे पेंड खाते ते इथेच. सगळ्या संचालकांवर सरसकट सारखी रक्कम बसवायची, कोणाचा दोष कोणता हे लिहायचे नाही, मागितलेली कागदपत्रे द्यायची नाहीत. असा आदेश न्यायालयात टिकत नाही. प्रकरण फेरचौकशीला परत येते. तोवर मालमत्ता दुसऱ्याच्या नावावर जाते, साक्षीदार निवृत्त होतात आणि म्हातारे ठेवीदार औषधपाण्यासाठी उसनवारी करतात. आदेश रद्द झाला म्हणजे आरोपी निर्दोष ठरला असे नाही, पण गावात तसेच सांगितले जाते.

म्हणून न्यायालयाची मर्यादा मला योग्य वाटते. प्रत्येक पतसंस्थेचे दप्तर उच्च न्यायालयाने तपासायचे ठरवले तर कुठलाच निकाल वेळेत लागणार नाही, आणि तालुक्याच्या कार्यालयात बसलेला अधिकारी आपली जबाबदारी वरच्यांवर ढकलून मोकळा होईल. मात्र ज्या विश्वासाने न्यायालय खालच्या निष्कर्षाला हात लावत नाही, त्या विश्वासाला तो निष्कर्ष लायक हवा. चौकशी अधिकाऱ्याने नेमकी नोटीस द्यावी, कागद दाखवावेत, प्रत्येकाचा दोष कारणांसह वेगळा लिहावा. सभासदांनी वार्षिक सभेत अहवाल 'वाचला असे समजून' मंजूर करणे थांबवावे आणि लेखापरीक्षकाचे शेरे मोठ्याने वाचायला लावावेत. ठेवीदाराचा खटला जिंकला किंवा हरला जातो तो याच टप्प्यावर, याचिका लिहिली जाण्याच्या कितीतरी आधी.