किनाऱ्याला लागलेला खोका: अस्तेयावर थोडंसं

आजचं सूत्र पातंजल योगसूत्रातलं, साधनपादातलं तिसावं. त्यात पाच यम येतात. आज फक्त अस्तेय घेऊ. चोरी न करणं, असा अर्थ लावून आपण पुढे सरकतो. पण चोरी हाताने होते की मनाने?

7 ऑगस्ट 2010 ला मुंबई बंदराबाहेर एमएससी चित्रा आणि खलिजिया ही जहाजं धडकली. चित्रावरचे कंटेनर समुद्रात पडले, तेलाचा तवंग आमच्या रायगडच्या किनाऱ्यापर्यंत आला. आता समजा, अशा वेळी भरतीने बिस्किटांचा एक खोका वाळूत आणून टाकला आणि एका कोळीदादाने तो घरी नेला. तो चोर का?

कायदा लगेच हो म्हणत नाही. भारतीय न्याय संहितेचं कलम 303 (1 जुलै 2024 आधी दंड संहितेचं 378) दोन गोष्टी विचारतं: वस्तू कुणाच्या ताब्यातून हलवली का, आणि हलवताना मनात लबाडी होती का? मित्राचं पुस्तक त्याच्या घरून न विचारता, पण वाचून परत द्यायला नेलं, तर चोरी नाही. रस्त्यात पडलेली अंगठी उचलली तरी चोरी नाही, कारण ताबाच कुणाचा नव्हता. ही उदाहरणं कायद्यातच दिलेली आहेत. पण अंगठीवाला इतक्यात सुटत नाही. मालक शोधता येत असताना ती आपलीशी केली, तर अपहार होतो. ते कलम 314, जुनं 403.

खरी गंमत इथे आहे. चोरीत लबाडी उचलतानाच असावी लागते. अपहारात ती नंतर आली तरी चालते! पहिल्या दिवशी दादाने खोका लाटांपासून वाचवायला घरी नेला, तेव्हा तो निर्दोष. चौथ्या दिवशी खोक्यावरचं कंपनीचं नाव वाचून, कुणालाही न कळवता तो फोडला, की गुन्हा. खोका तोच, घर तेच. आम्ही कोडवाले लॉग बघतो, त्यात फक्त कृती दिसते. न्यायाधीशाला मात्र अशा कृतींवरूनच हेतू ओळखावा लागतो.

तरी फोडेपर्यंत कायदा थांबतो. शास्त्र थांबत नाही. सूत्रावरच्या व्यासभाष्यात अस्तेय म्हणजे हाव नसणं, आणि गीतेच्या तिसऱ्या अध्यायातला सहावा श्लोक हात आवरून मनात विषय घोळवणाऱ्याला मिथ्याचारी म्हणतो. मला वाटतं, दोघंही आपापल्या जागी बरोबर आहेत. मनातल्या हावेसाठी पोलीस दारात आले तर कोण सुटेल? पण साधनेला बसलेल्याने पोलिसांचं माप स्वतःला लावू नये.

आणि हो, मालकाची वाट किती दिवस पाहायची? कायदा आकडा देत नाही. वाजवी मुदत म्हणतो, आणि वाजवी काय ते परिस्थितीवर सोडतो. ऑगस्टच्या पावसात भिजलेल्या बिस्किटांना ती किती द्याल? कमेंटमध्ये सांगा.