ताब्याविना मालकी

बँकेच्या लिलावाच्या जाहिरातीत क्षेत्रफळ, राखीव किंमत आणि बयाणा रक्कम यांच्याजवळ ताब्याचा प्रकारही छापलेला असतो, आणि तिथे पुष्कळदा 'प्रतीकात्मक' असा शब्द असतो. म्हणजे बँकेने दारावर नोटीस डकवली, वर्तमानपत्रात छापली. घरात मात्र कर्जदार किंवा त्याचा भाडेकरू अजून राहतो आहे. 2002 च्या सरफेसी कायद्याने बँकांना दिवाणी दावा न लावता तारण विकण्याची मुभा दिली. ती गरजेची होती, असे मी मानतो. पण ज्याच्या पैशातून ही वसुली होते त्या खरेदीदाराला घर केव्हा मिळणार, याचे ठाम उत्तर तिथे नाही. म्हणून राहत्या घराचा लिलाव प्रत्यक्ष ताबा हाती आल्यावरच व्हावा, असे माझे म्हणणे आहे.

खरेदीदारावरची बंधने कडक आहेत. बोली जिंकली की त्याच दिवशी, फार तर कामकाजाच्या दुसऱ्या दिवशी, 25 टक्के रक्कम भरायची. उरलेली 15 दिवसांत. मुदत वाढवून मिळाली तरी ती 3 महिन्यांपलीकडे जात नाही. चुकला की भरलेले पैसे जप्त. 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशी संपूर्ण जप्ती वैध ठरवली. दुसरी बाजू पाहा. प्रत्यक्ष ताब्यासाठी कलम 14 खाली जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा लागतो. त्यांनी 30 दिवसांत, फार तर 60 दिवसांत आदेश द्यावा, असे कायदा म्हणतो. पण ही मुदत बंधनकारक नसून मार्गदर्शक आहे, असा निर्णय 2020 मध्ये झाला. आदेशानंतरही तहसीलदाराची तारीख आणि पोलीस बंदोबस्त यांची वाट पाहणे आलेच. शिवाय हा अर्ज करण्याचा हक्क धनकोचा, म्हणजे कर्ज देणाऱ्या बँकेचा. विक्री प्रमाणपत्र हातात असलेला खरेदीदार त्या दारात स्वतः उभाही राहू शकत नाही.

गोव्यातल्या एका आलिशान हॉटेलाचे प्रकरण इथे बोलके आहे. आयएफसीआय या वित्तसंस्थेने ते लिलावात काढले आणि 2015 मध्ये आयटीसीने सुमारे 515 कोटींना घेतले. ताबा प्रतीकात्मकच होता. विक्रीनंतरही धनको कलम 14 खाली अर्ज करू शकतो, हे मार्च 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयात ठरले. निकाल खरेदीदाराच्या बाजूने लागला, पण तोवर तीन वर्षे गेली. आयटीसीसारखी कंपनी तेवढी वाट पाहू शकते. स्वतःचे कर्ज काढून दोन खोल्या घेणारे कुटुंब हप्ता आणि भाडे एकाच वेळी किती काळ भरणार?

यावर उत्तर मिळते की 'जसे आहे, जेथे आहे' ही अट वाचूनच खरेदीदार आला आणि स्वस्तात घेऊन गेला. पण ही स्वस्ताई बँक देत नाही. ती कर्जदाराच्या खिशातून जाते. किंमत कमी आली की उरलेले कर्ज त्याच्या आणि जामीनदाराच्या मानेवर राहते. शिवाय साधा माणूस अशा घराकडे फिरकत नाही. बोली लावतो तो घर रिकामे करवून घेण्याची ताकद बाळगणारा.

कर्जदाराचे कुटुंब लवकर रस्त्यावर येईल, हा आक्षेप मला सर्वांत गंभीर वाटतो. मात्र कायद्याचा क्रम पाहिला तर तो उलटतो. 2016 च्या दुरुस्तीनंतर थकबाकी भरून मालमत्ता सोडवण्याचा हक्क लिलावाची सूचना प्रसिद्ध होताच संपतो. 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेच ठामपणे सांगितले. आज अनेक कुटुंबांना खरी जाग येते ती पोलीस दारात आल्यावर, हा हक्क गेल्यानंतर. ताबा आधी घेतला तर कर्ज वसुली न्यायाधिकरणातली लढाई घर वाचवता येते त्या काळात होईल. भाडेकरूचा प्रश्नही तेव्हाच उघड होईल. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याखालचे खरे भाडेकरू सरफेसीच्या जोरावर हटवता येत नाहीत, हे 2016 पासून स्पष्ट आहे; ते घर विकल्यानंतर कळावे, हे कोणाच्याच हिताचे नाही.

वसुली लांबेल, असे बँका म्हणतील. लांबणारा काळ आजही आहेच, फक्त तो खरेदीदार सोसतो. तरीही प्रतीकात्मक ताब्यावरच विकायचे असेल, तर खरेदीदाराची रक्कम ताबा मिळेपर्यंत वेगळ्या ठेव खात्यात राहावी, तिचे व्याज त्याला मिळावे, आणि ठरलेल्या मुदतीत किल्ली न मिळाल्यास सारे पैसे परत मागण्याचा हक्क त्याला नियमांतच लिहून द्यावा.