काळ थांबला तर बरे का?



घरात कोणतीही पूजा असो, गुरुजी आधी संकल्प सांगतात. श्वेतवाराह कल्प, वैवस्वत मन्वंतर, अठ्ठाविसावे कलियुग; मग जंबुद्वीप, भरतवर्ष, दंडकारण्य, गोदावरीचा तीर; आणि शेवटी शक, संवत्सर, तिथी, वार, नक्षत्र. मी बँकेत क्लार्क होतो. चेक हातात आला की पहिली नजर तारखेवर जायची. तारखेवाचून चेक वटत नाही, तसा स्थळकाळ उच्चारल्यावाचून संकल्प पुरा होत नाही.

या संकल्पातले जंबुद्वीप एकटे नाही. विष्णुपुराणात अशा सात बेटांची मालिका सांगितली आहे: जंबु, प्लक्ष, शाल्मली, कुश, क्रौंच, शाक आणि पुष्कर. एकाभोवती एक अशी वलये, आणि मधून खारे पाणी, उसाचा रस, मद्य, तूप, दही, दूध आणि गोडे पाणी यांचे समुद्र. ही सारी पृथ्वी पाण्यावर मोठ्या नावेसारखी तरंगते आहे, असेही तिथे म्हटले आहे. मौज आहे ती तिथल्या काळाची. प्लक्षापासून शाकद्वीपापर्यंत काळ कायम त्रेतायुगासारखाच असतो आणि माणसे पाच हजार वर्षे निरोगी जगतात. शेवटच्या पुष्करद्वीपात आयुष्य दहा हजार वर्षांचे. रोग नाही, शोक नाही, जेवण आपोआप समोर येते. मत्सर नाही, भय नाही, आणि खरे-खोटे हा भेदही नाही.

वाचताना वाटते, आपल्याला तिथे का नाही घातले देवाने? गुडघे दुखतात, साखर वाढते, बरोबरीची माणसे एकेक करून जातात. पण तेच पुराण सांगते की चारही युगे फक्त भारतवर्षात येतात, आणि कर्मभूमी हीच. बाकीच्या भोगभूमी. देवसुद्धा इथे जन्म मिळावा म्हणून इच्छा करतात. म्हणजे बघा, जिथे काळ सरतो, तिथेच काही करता येते. बँकेत एखाद्या खात्यात दोन वर्षे व्यवहार झाला नाही की ते निष्क्रिय होते. शिल्लक भरपूर असते, पण जमा नाही आणि खर्चही नाही. पुष्करद्वीपातले दहा हजार वर्षांचे आयुष्य मला तसे वाटते. जिथे खोटे बोलताच येत नाही, तिथे खरे बोलण्याचे पुण्य ते काय?

आपल्या दत्तप्रभूंच्या जन्मकथेतही हाच प्रश्न आहे. मार्कंडेय पुराणात प्रतिष्ठान नगरीतल्या कौशिक ब्राह्मणाची गोष्ट येते. तो कुष्ठरोगी, आणि पत्नी त्याला खांद्यावर घेऊन फिरणारी. अंधारात त्याचा पाय सुळावरच्या मांडव्य ऋषींना लागला. ऋषींनी शाप दिला, सूर्य उगवताच तू मरशील. ती माउली म्हणाली, मग सूर्य उगवणारच नाही! आणि खरोखर उगवला नाही. यज्ञ थांबले, दिवस-रात्र, महिने, ऋतू यांचा हिशोब राहिला नाही. देव घाबरून अनसूयामातेकडे गेले.

अनसूयामातेने त्या बाईला दोष दिला नाही. तिच्या घरी जाऊन कुशल विचारले. दिवसच नसेल तर जगाची सारी कर्मे बुडतील हे समजावले, आणि तुझ्या पतीला मी उठवीन असा शब्द दिला. मग सूर्य उगवला, कौशिक गतप्राण झाला, आणि मातेच्या तपाने निरोगी, तरुण होऊन उठला. त्यावर देवांनी जो वर दिला, त्यातूनच दत्तात्रेयांचा अवतार झाला. थांबलेला काळ पुन्हा सुरू झाल्यावर दत्तमहाराज आले, हा क्रम लक्षात घेण्यासारखा आहे.

सूर्य अडवण्याची ती इच्छा आपल्याही घरात असते, नाही का? काउंटरवर असताना कितीतरी ज्येष्ठांच्या फॉर्मवर वारसाच्या नावाचा रकाना कोरा दिसायचा. विचारले तर म्हणत, "बघू पुढे, आत्ताच काय घाई आहे?" कपाटाच्या किल्ल्या कमरेला, मृत्युपत्र पुढच्या वर्षी, घरचा कुळाचार कसा करायचा हे सुनेला सांगणे त्याहून पुढे. यात लोभ असतोच असे नाही. बहुतेक वेळा माया असते, भीती असते. कौशिकाच्या पत्नीचीही मायाच होती. पण आपली रात्र लांबवली की मुलासुनांची सकाळ अडते. त्यांचेही कर्म आपल्या दारात खोळंबते.

स्वतः दत्तमहाराज तर काळाच्या पलीकडचे. तरी परंपरा त्यांचा दिवस कसा सांगते? काशीला स्नान, कोल्हापुरी भिक्षा, माहूरला निद्रा. एका दिवसात एवढे अंतर ज्यांना सहज आहे, त्यांनाही स्नान, भिक्षा आणि विश्रांती यांची वेळ चुकत नाही.

मार्गशीर्ष पौर्णिमेला संध्याकाळी पाळणा हलेल, सुंठवडा वाटला जाईल. त्या दिवशी संकल्प ऐकताना तिथी-वाराकडे नीट लक्ष द्यावे. ती आजची तारीख आहे. घरी गेल्यावर तो कोरा रकाना भरावा, एखादी किल्ली सुनेच्या हातात द्यावी, कुणाशी अबोला असेल तर तो सोडावा. उद्याचा सूर्य महाराज बघून घेतील.

॥ अवधूत चिंतन श्रीगुरुदेव दत्त ॥