लोखंडाचा धाक

बाळंतिणीच्या उशाखाली विळा किंवा अडकित्ता ठेवण्याची चाल आपल्याकडे घरोघर होती. काही घरांतून ती अजून आहे. नवरदेवाच्या हाती कट्यार देतात आणि तिच्या टोकाला लिंबू टोचतात. अपरात्री प्रवासाला निघालेल्या मुलाच्या खिशात आई गुपचूप एखादा खिळा टाकते. या साऱ्यांमागे समजूत एकच : लोखंडापुढे भुताखेतांचे, करणीचे काही चालत नाही. ही समजूत खुळी आहे, असे मी वर्गात मुलांना सांगतो. पण खुळी म्हणून प्रश्न मिटत नाही. इतक्या माणसांनी इतकी वर्षे नेमका लोखंडावरच भरवसा का ठेवला?

शिवाय ही समजूत केवळ आपलीच नव्हे. पहिल्या शतकात होऊन गेलेल्या प्लिनी नावाच्या रोमन पंडिताने लिहून ठेवले आहे, की माणसाभोवती लोखंडाने रिंगण ओढले तर त्याला बाधा होत नाही. युरोपातले शेतकरी दारावर घोड्याचा नाल ठोकीत. उलट बायबलच्या जुन्या करारात देवाच्या वेदीचे दगड लोखंडी हत्याराने घडवू नयेत, अशी आज्ञा आहे. म्हणजे देव असो की भूत, अदृश्याचे आणि लोखंडाचे जमत नाही, अशी पुष्कळ लोकांची धारणा दिसते.

मला याचे कारण असे वाटते. विदर्भात नायकुंड येथे लोखंड गाळण्याची इसवी सनापूर्वीची भट्टी उत्खननात सापडली. त्या काळच्या माणसाभोवती रान होते, अंधार होता. हातात लोखंडाची कुऱ्हाड आली, रान मागे हटले, आणि रानाबरोबर त्याचे भयही मागे हटले. आपण अंधारावर मात करू शकतो, हा अनुभव माणसाला हत्याराने दिला. पुढे अनुभव विसरला गेला आणि हत्याराचा तेवढा ताईत उरला.

आमच्या येलदरीच्या बाजूला एक वृद्ध लोहार आहेत. त्यांना मी एकदा विचारले, "मामा, लोखंडाला भूत भितं म्हणतात, ते खरं का?" ते हसून म्हणाले, "गुरुजी, भुताचं मला नाई ठाव. पण ऐरणीवर मंतर चालत नाई, येवढं ठाव हाय. पातं नीट तापायच्या आधी घाव घातला, तर चिरतंय. पानी द्यायला चुकलं, की धार गेली. मग कोन्याबी देवाचं नाव घ्या!"

अवजार जादूला दाद देत नाही याचा खरा अर्थ मामांनी मला सांगितला. सुताराचा रंधा लाकडाच्या रेषेविरुद्ध चालवला, की फळी खरबरीत होते. चालवणारा श्रीमंत असो, पुण्यवान असो, वा थोरामोठ्यांचा जावई असो. अवजाराजवळ वशिला नाही, नवस नाही. जे कळले तेवढेच साधते. असा खडा न्याय शिकवणारा गुरू शाळेतही क्वचित भेटतो.

परंतु हा न्याय हाताला कळला तरच. मेळघाटात तान्ह्या बाळाचे पोट फुगले, की तापवलेल्या विळ्याने त्याच्या पोटावर डागण्या देतात. त्याला 'डंभा' म्हणतात. विळा तोच! एका घरी तो बाळाच्या उशाशी राखण करतो, दुसऱ्या घरी बाळाचे पोट भाजतो. दोन्ही ठिकाणी माया आहे, दोन्ही ठिकाणी भीतीही आहे. रक्षण करण्याचा गुण लोखंडाच्या अंगचा असता, तर असे घडते ना!

मग आजीने उशाखाली ठेवलेला विळा काढून टाकावा काय? नर्सबाई वेळेवर येत असतील, लस टोचली जात असेल, तर त्या विळ्यावरून मी आजीशी भांडणार नाही. पण विळा आहे म्हणून डॉक्टर नको, असे कोणी म्हणू लागले, की तेथे गप्प बसणे पाप आहे. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला. त्यानंतर त्याच वर्षी महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा झाला. साप, विंचू, कुत्रा चावलेल्या माणसाला उपचारापासून रोखून मंत्रतंत्र करणे हा त्या कायद्याने गुन्हा आहे. घरातली श्रद्धा कायद्याने हिरावलेली नाही. श्रद्धेपायी दुसऱ्याचा जीव धोक्यात घालण्याची मुभा तेवढी काढून घेतली आहे.

येलदरीचे धरण १९६८ साली पुरे झाले. पूर्णेचे पाणी अडले, ते माणसांच्या हातांनी आणि हातातल्या अवजारांनी. त्या पाण्यावर वीज निघू लागली. विजेच्या उजेडात पिंपळावरची भुते उरली नाहीत, पण भीती उरली. आता ती मालमोटारीच्या पुढे लिंबू-मिरची होऊन लोंबते, आणि ब्रेक तपासायचे राहून जाते.

खंडेनवमीला आपण हत्यारांची पूजा करतो. ती मला प्रिय आहे. पोट भरणाऱ्या वस्तूपुढे वर्षातून एकदा मान लवावी, यात सुसंस्कृतपणा आहे. मात्र चांगला कारागीर पूजेआधी काय करतो, हे मुलांना जवळ बसवून दाखवा. तो हत्यार पुसतो, दांडा सैल झाला आहे का पाहतो, धार अंगठ्याने चाचपतो, आणि मग फूल वाहतो. घरात मुले मोठी होत असताना त्यांना एवढा क्रम कळला, तरी पुष्कळ झाले.