वीज आता दोन्हीकडून येते

नातेपुते

चि. बापूस मामाचे अनेक आशीर्वाद.

परवा फोनवर बोलणं अर्धवट राहिलं. 'मामा, रीडिंगचं काम संपत चाललंय, पुढं काय करू?' एवढं विचारलंस आणि तुझी गाडी आली. तसंही फोनवर मला नीट सांगता येत नाही. समोरचा 'हो, हो' म्हणत राहतो आणि आपल्याला वाटतं त्याला पटलं. म्हणून लिहायला बसलोय. पत्र लांबेल, सवडीनं वाच.

आधी एक गोष्ट मनातून काढून टाक. मीटर रीडिंगचं काम परत येईल या आशेवर राहू नकोस. केंद्राची वीज वितरणाची सुधारणा योजना 2021 ला आली, तिच्यात देशभर 25 कोटी स्मार्ट मीटर बसवायचं ठरलं. आपल्याकडं लोकांनी प्रीपेडला विरोध केला, मोर्चे निघाले, आणि 2024 मध्ये सरकारनं सांगितलं की सर्वसामान्य ग्राहकाला प्रीपेड मीटर बसवणार नाही. लोकांना वाटलं संकट टळलं. तुझं टळलं नाही. पैसे आधी भरा नाहीतर मागून भरा, मीटर आपलं रीडिंग आपणच पाठवतं, दारात माणूस लागत नाही. मोर्चा प्रीपेडच्या विरोधात निघाला, रीडरसाठी कोणी काढला नाही. एजन्सीच्या पोरांना युनियन नाही, मग काढणार तरी कोण?

काम जातंय ते फक्त तुझंच नाही. इंग्लंडमधलं कोळशावरचं शेवटचं वीजकेंद्र, रॅटक्लिफचं, 30 सप्टेंबर 2024 ला बंद झालं. पण कोळसा बंद करणार हे तिथल्या सरकारनं 2015 लाच जाहीर केलं होतं. म्हणजे तिथल्या कामगाराला दुसरं काही शिकायला नऊ वर्षं हातात मिळाली. तुला काय मिळालं? सुपरवायझरचा व्हॉट्सॲपवर मेसेज. राग येणं साहजिक आहे. पण एजन्सीवर रागावून काही निघणार नाही, तिचं कंत्राटच मुळी रीडिंगपुरतं होतं. तुला वेळ कोणी दिलेला नाही, तो तुलाच काढावा लागणार.

आता तुझ्याकडं काय आहे ते बघू. तू आयटीआयचा वीजतंत्री आहेस, कागद अक्काच्या ट्रंकेत आहे. शिवाय इतकी वर्षं हजारो घरांच्या मीटरपेट्या उघडून बघितल्यास. न्यूट्रल जळाल्याचा वास तुला दारातून येतो. कुठं आकडा टाकलाय आणि कुठं बायपास केलाय, ते तुला आकडेमोड न करता कळतं. आणि बिल वाढलं म्हणून अंगावर धावून येणाऱ्या गिऱ्हाईकाशी कसं बोलायचं हेही कळतं, जे इंजिनिअरिंगच्या कॉलेजात शिकवत नाहीत. अडचण एवढीच की यातलं काहीही कुठल्या कागदावर नाही. उद्या दुसऱ्या कामाला गेलास तर तुला 'अकुशल' म्हणून धरतील.

आम्हा वीज मंडळातल्या माणसांनाही मधेमधे नव्यानं शिकावं लागलं. चकतीचं मीटर होतं तेव्हा चकतीवरची काळी खूण किती वेळा फिरते ते घड्याळ लावून मोजायचो आणि लोड काढायचो. इलेक्ट्रॉनिक मीटर आलं, चकती गेली, मग तोच हिशेब लाल दिव्याच्या लुकलुकीवर केला. 6 जून 2005 ला मंडळाच्या कंपन्या झाल्या, त्याच सुमाराला लोडशेडिंगनं लोकांना रडवलं, सिंगल फेजिंग आलं, मग गावठाणाचे फीडर शेतीपासून वेगळे झाले. प्रत्येक वेळी सवय मोडावी लागली. पण त्या सगळ्यात एक गोष्ट कधी बदलली नव्हती: वीज सबस्टेशनकडून येते आणि गिऱ्हाईकाकडं जाते. वरची बाजू बंद केली की खालचं सगळं मेलं, हे आमचं पहिलं आणि शेवटचं गणित.

ते गणित आता मोडलंय. तुला काही शिकायचं असेल तर इथून सुरुवात कर, बाकीचं नंतर.

बघ, कसं ते सांगतो. आपल्या डीपीवरचा ट्रान्सफॉर्मर 11 हजार व्होल्टचे 433 करतो. हाच ट्रान्सफॉर्मर खालून भरला तर 433 चे 11 हजारही करतो. त्याला वर-खाली कळत नाही. एका गावात, गावाचं नाव सांगत नाही, वादळात लाईन पडली म्हणून पोरं दुरुस्तीला चढली होती. परमिट घेतलेलं, एबी स्विच उघडलेला, वरून सगळं बंद. तेवढ्यात खाली कोणीतरी लग्नाच्या मांडवासाठी जनरेटर सुरू केला, चेंजओव्हर न बसवता, थेट मीटरच्या पुढं वायर खुपसून. पोरं वाचली, कारण त्यांच्यातल्या म्हाताऱ्या लाईनमननं हट्टानं कामाच्या दोन्ही बाजूंना डिस्चार्ज रॉड टाकले होते. बाकीचे त्याला 'कशाला वेळ घालवता' म्हणत होते.

आधी असला जनरेटर एखादा असायचा. आता घरोघरी छतावर सोलर आहे. 13 फेब्रुवारी 2024 ला पीएम सूर्यघर योजना सुरू झाली, 3 किलोवॅटला 78 हजार अनुदान मिळतं, आपल्या आळीतसुद्धा पॅनेल दिसायला लागलेत. लाईन गेली की त्याच्या इन्व्हर्टरनं आपोआप थांबायचं असतं, आणि चांगला इन्व्हर्टर थांबतोही. पण 'थांबत असेल' या भरवशावर हात घालायचा नसतो. शिवाय मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनीचे प्रकल्प सबस्टेशनच्या आसपास उभे राहताहेत, शेतीला दिवसा वीज द्यायला. म्हणजे सबस्टेशनलासुद्धा आता दुसऱ्या बाजूनं वीज येते. जुन्या लाईनमनला हे शिकवायला एक दिवस पुरतो, पण तो दिवस कोणीतरी द्यायला हवा. माझं मत विचारशील तर ड्रोन आणि ॲपच्या आधी ही गोष्ट प्रत्येक कंत्राटी हेल्परला खांबाखाली उभं करून दाखवली पाहिजे.

दुसरी गोष्ट डीसीची. तू आयटीआयला पुस्तकात वाचलंस, हातात कधी घेतलं नाहीस. एसीचा प्रवाह सेकंदाला 100 वेळा शून्यावर येतो, त्यामुळं स्विच उघडला की ठिणगी विझते. डीसी शून्यावर येतच नाही. चालू भारावर जोड ओढलास तर ज्योत तशीच ताणत राहते आणि बोटं भाजतात. आणि पॅनेलला स्विच नाही. ऊन आहे तोवर त्याच्या टोकाला दाब आहे, मग इन्व्हर्टर बंद असो की चालू. पुष्कळ वायरमन टेस्टर लावून 'मेलंय' म्हणतात आणि हात घालतात.

मागच्या महिन्यात धर्मपुरीकडच्या एका शेतावर गेलो होतो, ओळखीच्या माणसाचा सोलर पंप बंद पडला म्हणून. कंट्रोलर बघितला, ठीक. मोटर मेगर केली, ठीक. मग पॅनेलच्या मागं वाकून एकेक जोड हातानं चाचपला. एक कनेक्टर तपकिरी पडून वाकडा झालेला. उघडला तर आतली पिन वायरीवर पकडीनं दाबलेली, अर्धीच बसलेली. त्यासाठी वेगळं क्रिंपिंग टूल असतं, ते बसवणाऱ्या पोरानं आणलंच नव्हतं. अर्ध्या जोडातून सगळा प्रवाह जायचा, जोड तापायचा, आणि दुपारी ऐन उन्हात पंप बंद पडायचा. शेतकरी बिचारा मोटर काढून दुकानात नेऊन आला होता. एक पिन, एक कनेक्टर, अर्ध्या तासाचं काम.

यात तुझी भाकरी आहे. मागेल त्याला सौर कृषी पंप योजनेत शेतकरी दहा टक्के भरतो, बाकी सरकार, आणि बसवणाऱ्या कंपनीनं पाच वर्षं दुरुस्ती बघायची. पाच वर्षांनंतर कोण बघणार? आधीच्या, 2018-19 मधल्या योजनेतले पंप आताच त्या मुदतीबाहेर चाललेत. पॅनेल पंचवीस वर्षं चालतात म्हणतात, पण कंट्रोलर, जोड, केबल, उंदरानं कुरतडलेली वायर, वादळात वाकलेला सांगाडा, यांना पंचवीस वर्षं कोणी लिहून दिलेली नाहीत. माळशिरस तालुक्यात मोटर भरणारे पायलीचे पन्नास आहेत. डीसी मीटर धरून स्ट्रिंग तपासणारे हाताच्या बोटावर मोजण्याएवढे.

सौर प्रकल्पावर नोकरी मिळते म्हणून कोणी बोलावलं तर काय काम ते आधी विचार. गावातल्या पोरांना पॅनेल पुसायला आणि गवत काढायला लावतात आणि इन्व्हर्टरची खोली उघडायला माणूस बाहेरून येतो. पुसायचं काम वाईट नाही, पण त्यातून तू पुढं सरकणार नाहीस.

आता कागदांचं. सूर्यमित्र नावाचा अभ्यासक्रम केंद्र सरकारनं 2015 ला सुरू केला, 600 तासांचा, म्हणजे साधारण तीन महिने. वीजतंत्री आणि तारतंत्री यांना घेतात, फी नाही. जवळच्या कुठल्या केंद्रात जागा आहे ते तू पुण्यातच चौकशी करून बघ. तीन महिने घर कसं चालणार हा तुझा पुढचा प्रश्न मला दिसतोय. सूनबाई आणि पोरगी इथं आमच्याकडं राहतील, अक्काशी बोलून झालंय, त्यावर वाद नको.

दुसरा कागद 'आरपीएल'चा. प्रधानमंत्री कौशल्य विकास योजनेतला हा प्रकार आहे. आधीपासून काम करणाऱ्याचं कसब तपासून प्रमाणपत्र देतात, शाळेत पुन्हा बसवत नाहीत. तुझ्यासारख्यासाठीच काढलाय. तिसरा, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा, तारतंत्री परवाना. आयटीआय असून तू तो काढला नाहीस, कारण रीडिंगला लागत नव्हता. तो काढ. पुढं अनुभव दाखवून पर्यवेक्षकाचा परवाना घेता येतो, आणि त्यानंतर ठेकेदाराचा परवाना काढला की कुणाच्या हाताखाली नाही, आपल्या नावावर काम घेता येतं. पुण्यात आठवड्यात 'सोलर तज्ज्ञ' बनवणारे क्लास निघालेत, भिंतीवर चकचकीत सर्टिफिकेट देतात. त्यांच्या वाटेला जाऊ नकोस. चौकशी करताना एकच विचार: छतावर किती तास? वर्गात सगळेच तास असतील तर उठून ये.

महावितरणची विद्युत सहायकाची जाहिरात निघाली आणि वयात बसत असशील तर फॉर्म भर, जरूर भर. पण भरून झाल्यावर विसरून जा. भरतीची वाट बघत तिशी उलटलेली पोरं मी नातेपुत्यात रोज चौकात बघतो. हुशार पोरं आहेत, हात मात्र रिकामे.

मधल्या काळात लाईनच्या कंत्राटावर काम मिळतंय म्हणालास. घे. पण डोळे उघडे ठेवून. केंद्रीय विद्युत प्राधिकरणाचे सुरक्षा नियम आहेत. त्यात लाईनवर काम करणाऱ्याला प्रशिक्षण हवं असं आहे आणि ज्यांनी काम करायचं त्या माणसांची लेखी यादी ठेवावी लागते. कंत्राटदाराला पहिल्याच दिवशी विचार, 'यादीत माझं नाव आहे का?' तो हसेल. हसू दे. नाव नसेल तर खांबावर चढू नकोस, खाली उभा राहून सामान दे. हातमोजे, झुला, डिस्चार्ज रॉड यांपैकी एक नसेल तरी चढू नकोस. माझ्या बघण्यात खरा अन्याय इथंच आहे बघ. कायम नोकरीवाल्याला प्रशिक्षण केंद्रात पाठवतात, राहायची-जेवायची सोय करतात, आणि चिखलात खांबावर चढतो तो कंत्राटी पोरगा, ज्याला कोणी काही शिकवलेलं नसतं. कौशल्य वाढवायच्या सगळ्या योजना याच पोरापासून सुरू झाल्या पाहिजेत. त्या वरून सुरू होतात आणि त्याच्यापर्यंत येईतो पैसे संपतात.

आषाढात माउलींची पालखी आपल्याकडं मुक्कामाला असते तेव्हा इकडं ये. तंबूतंबूत तात्पुरत्या वायरी, खाली ओली माती, आणि अनवाणी माणसं. लिकेज म्हणजे काय, ब्रेकर कशाला ट्रिप होतो, अर्थिंग नुसतं ठोकलं की झालं असं का नसतं, हे त्या एका रात्रीत मी तुला दाखवतो. वर्गात तीन दिवस लागतील.

एजन्सी सोडायच्या आधी अनुभवपत्र घे. 'मीटर रीडर' एवढंच लिहून देतील. त्यांना सांग, मीटर तपासणी, सदोष मीटर शोधणं, वीजचोरीचा अहवाल, जे जे केलंस ते लिहा, तारखांसह. सही-शिक्का असल्याशिवाय हलू नकोस. पगाराच्या पावत्या आणि पीएफचा नंबर जपून ठेव. परवान्याच्या अर्जाला आणि आरपीएलला यातलं काय कधी लागेल सांगता येत नाही. ट्रंकेतली आयटीआयची मूळ गुणपत्रिका मी काढून ठेवलीय, कोपरा वाळवीनं खाल्लाय पण नंबर वाचता येतो. झेरॉक्स काढून पाठवतो.

सूनबाईंना आशीर्वाद, छकुलीला पापा.

तुझा
मामा

ता. क. क्रिंपिंग टूल आणि डीसी मोजणारा क्लॅम्प मीटर पुण्यातूनच आण. दोन दुकानांत भाव विचारून घे, आणि मीटर घेताना डीसी ॲम्पिअर दाखवतो का ते दुकानातच बघ. स्वस्तातले बरेचसे फक्त एसी ॲम्पिअर मोजतात. पैसे मी देतो, पहिल्या पंपाची मजुरी मिळाली की परत कर.