बदलते ज्ञान आणि सत्याची निष्ठा

‘शास्त्रज्ञ आज एक सांगतात, उद्या दुसरेच, मग विश्वास ठेवावा तरी कशावर?’ असा प्रश्न अनेक सुशिक्षित माणसेही विचारतात. तो वरवर सावधपणाचा वाटतो. परंतु सत्यशोधनाचे कष्ट टाळण्याची पळवाट त्यात दडलेली असते.

चंद्रपूर जिल्ह्यातील पिसदुरा गावाचे उदाहरण घेऊ. नागपूरला राहणारे स्कॉटिश मिशनरी स्टीफन हिस्लॉप यांच्यासारख्या अभ्यासकांमुळे तेथील जीवाश्म एकोणिसाव्या शतकातच प्रकाशात आले. डायनोसॉरच्या हाडांबरोबर तेथे दगड झालेली विष्ठाही मिळते. हे महाकाय प्राणी सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी नाहीसे झाले आणि गवताचा प्रसार त्यानंतरच झाला, असे दीर्घकाळ मानले जात होते. वंदना प्रसाद व त्यांच्या सहकाऱ्यांनी ती विष्ठा सूक्ष्मदर्शकाखाली तपासली. वनस्पतींच्या पेशींत साठणारे सिलिकाचे कण तीत आढळले, आणि ते किमान पाच प्रकारच्या गवतांचे असल्याचे २००५ मध्ये प्रसिद्ध झाले. २०११ मध्ये तर भाताच्या कुळाशी नाते सांगणारे अवशेषही ओळखण्यात आले. जुना समज मागे पडला.

त्याच जिल्ह्यातील डोंगरगावच्या सांगाड्याचेही तसेच झाले. १९९७ मध्ये तो ‘टायटॅनोसॉरस’मध्ये गणला गेला; २००३ मध्ये वेगळा ठरून त्याला ‘इसिसॉरस’ हे नाव मिळाले.

येथे बदलले काय? दगड बदलला नाही, पूर्वी घडलेले काही बदलले नाही. बदलले ते आपले आकलन. लोभापायी साक्ष फिरवणारा साक्षीदार आणि नवा पुरावा समोर येताच आपले म्हणणे दुरुस्त करणारा अभ्यासक यांना एकाच मापाने मोजणे हा अन्याय होय. आभाळ पाहून होडी माघारी वळवणाऱ्या तांडेलाला मालवणच्या किनाऱ्यावर कोणी लबाड म्हणत नाही. उलट त्याच्याच भरवशावर खलाशी दर्यात जातात.

विश्वास ठेवायचा तो पुरावा जपणाऱ्या आणि तो इतरांच्या तपासणीला खुला करणाऱ्या प्रामाणिकपणावर. ‘सारेच बदलते’ म्हणून हात झटकणारा माणूस अखेर सर्वांत ठाम आवाजाच्या मागे जातो. आणि घरात कोणी आजारी पडले म्हणजे या चुकीची किंमत कळते.

म्हणून मुलांच्या पुस्तकात आपल्या शिकण्याहून वेगळे काही आढळले, तर ‘आमच्या वेळी असे नव्हते’ म्हणून त्यांना गप्प करू नये. कोणत्या पुराव्याने ते बदलले, हे त्यांच्याजवळ बसून शोधावे.