आधी भावाशी समेट



अर्पण वेदीपुढे ठेवून आधी भावाशी समेट करा, असे प्रभू येशू सांगतो. पण भांडण दोन भावांचे नसून सरकार आणि त्याविरुद्ध बंदूक उचललेल्या चळवळीचे असेल तर? आफ्रिकेतील मोझांबिककडे आपण पाहू या.

गोव्याप्रमाणे तिथेही पोर्तुगीजांचे राज्य होते. कितीतरी गोवेकर ख्रिस्ती कुटुंबे तिथे स्थायिक झाली होती. १९७५ साली देश स्वतंत्र झाला आणि फ्रेलिमो पक्षाचे सरकार आले. १९७७ पासून रेनामो या बंडखोर चळवळीशी त्याचे युद्ध पेटले. बाहेरच्या सत्तांनी त्यात तेल ओतले. सोळा वर्षांत सुमारे दहा लाख माणसे मेली.

सरकारने चर्चच्या शाळा व दवाखाने ताब्यात घेतले होते. रुसून बसायला ख्रिस्तसभेला पुरेसे कारण होते. पण बैराचे आर्चबिशप जेमी गोन्साल्विस रुसले नाहीत. १९८८ साली ते रानातील तळावर जाऊन रेनामोचे नेते अफोन्सो ढ्लाकामा यांना भेटले. दोघांची मातृभाषा एकच होती. ज्याला सारे दरोडेखोर म्हणत होते, त्याच्याशी ते आपल्या बोलीत बोलले.

जुलै १९९० मध्ये रोममधील सांत एजिदिओ या प्रापंचिकांच्या संघाच्या घरी बोलणी सुरू झाली. आम्ही एकाच मोठ्या कुटुंबातले आहोत, एवढे दोन्ही पक्षांनी आधी मान्य केले. तरीही करार व्हायला सत्तावीस महिने लागले. ४ ऑक्टोबर १९९२ रोजी, संत फ्रान्सिस असिसीकर यांच्या सणादिवशी, सह्या झाल्या. १९९५ पासून तिथल्या चर्चेसनी लोकांकडून बंदुका घेऊन बदल्यात कुदळी, सायकली आणि शिलाई यंत्रे दिली. यशया संदेष्ट्याचे स्वप्न असे अंगणात उतरले.

शांती मात्र एकदा सही करून कायमची मिळत नाही. २०१३ मध्ये तिथे पुन्हा गोळ्या झाडल्या गेल्या, २०१९ मध्ये पुन्हा करार करावा लागला आणि २०२४ च्या निवडणुकीनंतर रस्त्यावर पुन्हा रक्त सांडले. समेट हा रोजच्या भाकरीसारखा आहे, तो रोज करावा लागतो.

आपल्याकडे रणगाडे नाहीत. पण बांधावरून, वाटणीवरून, निवडणुकीतल्या पक्षावरून आपण वर्षानुवर्षे अबोला धरतो. एकाच बाकावर बसून एकच ख्रिस्तशरीर स्वीकारतो आणि मिस्सा संपताच एकमेकांची नजर चुकवून वेगवेगळ्या दारांनी बाहेर पडतो. आपले कोण, विरोधक कोण, हे आपले ठरलेले असते. त्या विरोधकाच्या ओट्यावर आधी कोण जाणार?

लाखो मृतांचे ओझे असलेली माणसे एका टेबलाशी बसू शकली. मग आपल्याला एक कप चहा जड का जावा? या आठवड्यात आपण एका तरी दारावर थाप मारू या. पुढच्या रविवारी आपले अर्पण प्रभूला अधिक गोड लागेल.